मौसीच्या हातची हळद

मेकअपच्या खुर्चीत बसली की सुमन आधी मंगळसूत्र गळ्यातून काढून डाव्या दंडाला गुंडाळायची. तीन वेढे. मग पंडित मेकअपवाला त्यावर चिकटपट्टी लावायचा आणि वरून पांढऱ्या ब्लाउजची लांब बाही खाली ओढली की कॅमेऱ्याच्या बापालाही कळायचं नाही. त्यानंतर कुंकू. कपाळावरचं पुसायच्या आधी सुमन मानेवर, केसांच्या खाली, बोटभर कुंकू टेकवायची, आणि मगच पंडितला म्हणायची, "हं, आता पूस." आधी मानेवर लावायचं, मग कपाळ पुसायचं. हा क्रम चार वर्षांत एकदाही चुकला नाही. विधवेचं काम करायचं ठीक आहे, पोटासाठी म्हणा, हौसेसाठी म्हणा, पण नवरा जिवंत असताना एक पळभरसुद्धा बिनकुंकवाचं राहायचं नाही, असं तिचं आपलं गणित होतं.

पंडित रावेरकडचा, खानदेशी. त्याला हे सांगून पटवावं लागलं नाही. बाकी युनिटमधले हसायचे. हसेनात का!

सुमन बुऱ्हाणपूरची, लोधीपुऱ्यातली. नवरा दत्तात्रय तहसील कचेरीत कारकून. गणपतीच्या नाटकात ती पहिल्यांदा उभी राहिली ती राणीच्या कामासाठी, आणि तिचा आवाज असा की इतवाऱ्यातले दुकानदार दुकानं अर्धी मिटून ऐकायला यायचे. पुढे ती मुंबईला भावाकडे राहून नाटकवाल्यांच्या दारात जाऊन आली. तिथल्या एका बाईंनी तिचं ऐकून घेतलं आणि हसून म्हणाल्या, "तुमची मराठी जरा हिंदी वाटते हो." मग ती हिंदीवाल्यांकडे गेली, तर ते म्हणाले, "बहनजी, आपकी हिंदी में मराठी आती है." आता माणसानं जावं कुठं? सीमेवरच्या बुऱ्हाणपुरात जन्मून जीभ दोन्हीकडची झाली हा काय तिचा गुन्हा? पण मोलकरणीच्या, दाईच्या, शेजारणीच्या कामाला तीच जीभ चालायची. 'मेमसाब, डॉक्टर साब आ गए.' 'बिटिया, दूध पी लो.' असली दोन दोन वाक्यांची कामं करत तिनं पाच वर्षं काढली. महिन्यातले दहा दिवस मुंबई, वीस दिवस घर. राणीचा आवाज घेऊन ती दार उघडायची आणि दार लावायची.

मग ती मालिका आली. तेव्हा देशात जिकडेतिकडे भांडणं, जाळपोळ, आणि दिल्लीच्या साहेबांना एकात्मतेचं काहीतरी हवं होतं. म्हणून 'सात घर एक आँगन'. एका चाळवजा इमारतीत पंजाबी, बंगाली, मद्रासी, गुजराती, एक मुसलमान शिंपी, सगळे गुण्यागोविंदानं नांदतात, आणि त्या सगळ्यांच्या पायऱ्या पुसते एक मराठी विधवा, शांता मौसी. सगळ्या देशाची एकात्मता झाली, आणि फडकं आलं आमच्या सुमनच्या हातात! पण भाग दर आठवड्याला होता आणि वाक्यं दोनाची दहा झाली होती. तिनं घरी येऊन दत्तात्रयला सरळ विचारलं, "विधवेचं काम आहे. घेऊ का नको?"

दत्तात्रय भाकरी मोडत म्हणाला, "घे की. नाटकच ते. मी काय मरतो का त्यानं?"

तो मेला नाही, पण बुऱ्हाणपूरनं त्याला मारलं. दर बुधवारी मालिका लागायची आणि गुरुवारी कचेरीत त्याचं स्वागत व्हायचं. "या, या स्वर्गवासी!" मालिकेत मौसीच्या खोलीत हार घातलेला फोटो होता. तो कोणा लाइटवाल्याच्या काकाचा, पण लोधीपुऱ्यातल्या पोरांनी पैजा लावल्या की दत्तूभाऊंचाच आहे, नाक डिट्टो आहे. दत्तात्रय आधी हसायचा. पुढे तो दाढीमिशा वाढवायला लागला, नाक झाकल्यासारखं व्हावं म्हणून. एकदा त्याला कावीळ झाली तेव्हा गल्लीतल्या बायका समाचाराला आल्या आणि एकीनंही सुमनच्या तोंडाकडे धड पाहिलं नाही, जणू दुखणं तिनंच आणलं होतं.

तरी तो 'काम सोड' कधी म्हणाला नाही. म्हणेल कशाला? स्टेशनवर 'मौसीचे साहेब' म्हणून चहा मिळत होता, तहसीलदार स्वतःहून खुर्ची देत होते. सुमनला ते बरंही वाटायचं. आपल्यामुळे माणसाची मान उंचावते आहे, तर उंचावू दे.

तिला झोंबलं ते चैत्रातलं हळदीकुंकू. पहिल्या वर्षी सगळ्यांनी लावलं. दुसऱ्या वर्षी गल्लीतल्या जोशीकाकूंचं बोट तिच्या कपाळाशी येऊन अडखळलं, आणि मग त्यांनी ओटीत नुसतेच हरभरे घातले. तिसऱ्या वर्षी बोलावणंच आलं नाही. "तुम्ही मुंबईला असाल असं वाटलं बाई!" ती तर आठ दिवस घरीच होती, रोज संध्याकाळी ओट्यावर बसलेली, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसत होती.

त्या दिवशी ती दत्तात्रयजवळ रडली. पदरात तोंड घालून, हुंदके देऊन. "माझं जाऊ द्या हो. पण उद्या आपल्या उषाचं लग्न निघेल. तिच्या हळदीला मला अशीच बाजूला बसवतील. माझ्या पोरीला पहिली हळद मी लावणार नाही तर कोण लावेल?"

तेव्हा दत्तात्रयनं तिच्या डोक्यावर हात ठेवला होता. म्हणाला होता, "तूच लावशील. मी जिवंत उभा असेन ना तिथं? मग बघतो कोण बोलतं ते."

या एका वाक्यावर सुमननं पुढचं वर्ष रेटलं.

आणि मग मालिकेतच हळद आली. पंजाब्याच्या मुलीचं लग्न, सगळी इमारत अंगणात जमलेली, आणि मौसी लांब जिन्यात उभी. नवरी हाक मारते, "मौसी, पहली हल्दी आप लगाओगी." मौसी मागे सरते आणि म्हणते, "ना बिटिया. मेरे हाथ में सुहाग नहीं, मेरे हाथ की हल्दी मत लगवा." मग पंजाबी बाप, बंगाली मास्तर, शिंपीचाचा, सगळे जाऊन तिला हाताला धरून आणतात आणि ती हळद लावते. सुमननं ते वाक्य असं म्हटलं की कॅमेऱ्यामागचा माणूस डोळे पुसत होता. पंडित म्हणाला, "ताई, आज तुम्ही सगळ्याहीले मारून टाकलं." ती त्याला म्हणाली नाही, पण ती वाक्य बोलताना जिन्यात नव्हती, जोशीकाकूंच्या दारात होती.

ज्या बुधवारी तो भाग लागला त्या दिवशी अख्खं बुऱ्हाणपूर रडलं. दुसऱ्या दिवशी भाजीवालीनं मौसीच्या घरी म्हणून मेथीची जुडी जास्तीची पाठवली. जोशीकाकू स्वतः आल्या आणि "काय शिकवण दिलीत हो समाजाला!" म्हणाल्या. आणि आठवडाभरानं निंबोल्याहून आशाबाई आल्या. केळीच्या बागा असलेल्या गिरधरभाऊंची ही बायको, अंगावर सोनं, आवाज मोठा, मन त्याहून मोठं असं सगळे म्हणत. ओट्यावर बसून त्यांनी सुमनचे दोन्ही हात धरले.

"मी तं रात्रभर रडली व ताई. मी आमच्या ह्याहीले म्हटलं, आपल्या अरविंदले पोरगी करायची तं अशा माउलीच्या घरची. दुसरी नाहीच."

असं उषाचं लग्न ठरलं. एका हळदीच्या सीनवर. सुमनला वाटलं, चला, फेडलं देवानं. आता तर ह्याच आशाबाई विहीण. ज्या बाईनं टीव्हीतल्या विधवेसाठी रात्र रडून काढली ती खऱ्या सवाष्णीला अडवेल कशी? तिनं हळदीसाठी पोपटी रंगाची इरकल घेतली, हिरवा चुडा भरला, कोपरापर्यंत. बांगडीवाला म्हणाला, "बाई, नवरी तुम्ही का तुमची पोरगी?" ती लाजली. खरंच लाजली, पंचेचाळिसाव्या वर्षी.

लग्न वैशाखात. लोधीपुऱ्यातल्या घरापुढे मांडव, चारही कोपऱ्यांना निंबोल्याच्या बागेतले केळीचे खांब, घडासकट, व्याह्यांनीच पाठवलेले. मागच्या अंगणात दराब्याच्या मिठाईसाठी रवा भाजायचा वास. हळदीच्या सकाळी साडेदहाला निंबोल्याचा टेम्पो आला. त्यातून पंधरावीस बाया उतरल्या, पुढे आशाबाई, आणि त्यांच्या हातात रुमालानं झाकलेली पितळी वाटी. नवऱ्या मुलाच्या अंगाची उष्टी हळद. नवरीला तीच लागते, आणि ती वाटी नवऱ्याची आई नवरीच्या आईच्या हातात देते. नवरीची आई पहिली बोटं बुडवते. बुऱ्हाणपुरात काय, तापीच्या दोन्ही काठांना असंच चालतं.

उषा पाटावर बसली होती, पिवळी साडी, डोळे खाली. सुमन पुढे झाली आणि तिनं ओंजळ केली.

आशाबाई वाटी घेऊन आल्या, सुमनकडे बघून गोड हसल्या, आणि बाजूनं निघून गेल्या. सुमनची जाऊ विमल खांबाशी उभी होती, तिच्यासमोर जाऊन थांबल्या.

"ह्या चुलती ना पोरीच्या? घ्या व माय, तुम्ही लावा."

विमल गोंधळली. तिनं सुमनकडे पाहिलं. सुमनची ओंजळ अजून तशीच होती.

"विहीणबाई," सुमन म्हणाली, "आई मी आहे."

"हो ना! आईच तं तुम्ही. मी काय नाही म्हणते का?" आशाबाईंनी आवाज खाली आणला, पण त्यांचा खाली आणलेला आवाजही मांडवाच्या टोकापर्यंत जायचा. "पण ताई, चार वर्षं सगळ्या दुनियेनं तुमचं कपाळ कोरं पाहिलं. माझा एकुलता एक पोरगा आहे. ही हळद त्याच्या अंगाची आहे. मनात येते व, काय करू?"

"तुम्ही तर टीव्हीसमोर रडला होतात. मौसीला सगळे हाताला धरून आणतात तेव्हा."

"ते तं पिक्चर होतं ना," आशाबाई म्हणाल्या. अगदी सरळ मनानं म्हणाल्या. त्यात खोट नव्हती, हेच तर वाईट.

"मग कपाळ कोरं होतं तेही पिक्चरच होतं!" सुमनचा आवाज चढला. "माझा नवरा हा काय बाहेर उभा आहे, धडधाकट! बोलवा त्यांना. अहो! अहो, या जरा इकडे!"

दत्तात्रय आला. खांद्यावर पंचा, हातात पानाचं तबक. बायकांच्या घोळक्याच्या कडेला थांबला. कोणीतरी त्याला दोन वाक्यांत सगळं सांगितलं. सुमननं त्याच्याकडे पाहिलं. तिला फार काही नको होतं. 'मी जिवंत आहे' एवढे तीन शब्द त्यानं म्हटले असते तरी पुरलं असतं.

दत्तात्रयनं आशाबाईंकडे पाहिलं, मग मांडवाबाहेर खुर्चीत बसलेल्या गिरधरभाऊंकडे. मग तो सुमनजवळ येऊन हळूच म्हणाला, "अगं, त्यांची हळद आहे, त्यांच्या मनासारखं होऊ दे. पोरीला तिथं नांदायचंय."

"तुम्ही शब्द दिला होता मला."

"दिला होता, पण आता वेळ काय, तू बोलतेस काय? आणि तुला काय एवढं, तू तर कलाकार आहेस. तुला थोडाच फरक पडतो?"

असं म्हणून तो तबक घेऊन पुन्हा बाहेर गेला. पानं वाटायची राहिली होती ना!

सुमननं शेवटचं पोरीकडे पाहिलं. उषा मान वर न करता पुटपुटली, "आई, जाने दो ना. सब देख रहे हैं."

मागे भिंतीशी सतरंजीवर सासू बसली होती, गोदाबाई, पंधरा वर्षांपूर्वी विधवा झालेली. ती थोडी सरकली आणि शेजारची जागा हातानं झाडून म्हणाली, "ये. बस अठी."

सुमनच्या पायाखालची जमीन सरकली ती तेव्हा. पंधरा वर्षांत घरात किती हळदी झाल्या, किती डोहाळजेवणं झाली. म्हातारी दर वेळी त्याच भिंतीशी होती, आणि सुमननं एकदाही तिला हात धरून पुढे आणलं नव्हतं. तिला त्याची लाजही वाटली आणि रागही आला. ती जाऊन बसली. हिरवा चुडा, पोपटी इरकल, आणि विधवांची सतरंजी.

एवढ्यावर भागलं असतं तरी ती गिळून बसली असती. पण निंबोल्याच्या पोरी तिच्याभोवती गोळा झाल्या. "मौसी, मौसी, वो हल्दीवाला डायलॉग सुनाओ ना! एक बार! प्लीज मौसी!" फोटोग्राफरही कॅमेरा घेऊन वळला. आशाबाई हौसेनं म्हणाल्या, "हो व ताई, म्हणा ना. आमच्या गावच्या बाया खास त्यासाठी आल्या."

सुमन उठली. तिच्या डोक्यात एकच आलं होतं: म्हणतेच आता. असं म्हणते की ह्यांच्या काळजाला भोक पडलं पाहिजे. समजू दे ह्यांना आपण आत्ता काय केलं ते.

ती खांबाला टेकली. बांगड्यांचे हात तिनं पदराखाली झाकले. पाटावरच्या उषाकडे पाहिलं, स्वतःच्या पोटच्या पोरीकडे, आणि म्हणाली, "ना बिटिया. मेरे हाथ में सुहाग नहीं. मेरे हाथ की हल्दी मत लगवा."

स्टुडिओत म्हटलं होतं ते काहीच नव्हतं. दराब्याची कढई हलवणारा आचारी झारा हातात धरून तसाच उभा राहिला. विमलच्या डोळ्यांतून पाणी. जोशीकाकू हुंदके देत होत्या. आशाबाईंनी तर पदर तोंडावर घेतला, त्यांचे खांदे गदगदा हलत होते. सुमन थांबली. मालिकेत ह्यानंतर बाप पुढे येतो. तिनं दाराकडे पाहिलं. दत्तात्रय तिथं होता, तबक काखेत धरून. त्यानं डोळे पुसले.

आणि त्यानं टाळ्या वाजवल्या.

मग सगळ्यांनीच वाजवल्या. पोरी ओरडल्या, फोटोग्राफरनं दोन फोटो काढले. आशाबाई नाक पुसत म्हणाल्या, "काय व माय, पुन्हा रडवलं! साक्षात सरस्वती आहे हिच्या जिभेवर. चला चला, आता हळद लावा, मुहूर्त जाते." आणि त्यांनी वाटी विमलच्या हातात दिली.

विमलनं पहिली बोटं उषाच्या गालाला लावली. पाच सवाष्णींनी लावली, मग वीसजणींनी लावली. वाटी रिकामी झाली तेव्हा कोणीतरी आठवणीनं म्हणालं, "मौसीले पण बोलवा, फोटोसाठी." सुमन गेली नाही. डोकं दुखतंय म्हणाली. लग्न थाटात झालं. पंगतीत दत्तात्रय स्वतः फिरून आग्रह करत होता, मावा जिलबीवर जिलबी वाढत होता, आणि लोक त्याला म्हणत होते, "दत्तूभाऊ, नशीब काढलं पोरीनं."

आठ दिवसांनी सुमन मुंबईला आली. मालिकेचे आणखी तेरा भाग मंजूर झाले होते. युनिटमध्ये पेढे वाटले होते. ती मेकअपच्या खुर्चीत बसली, पांढरी साडी नेसलेली. पंडितनं सवयीनं खणातून चिकटपट्टीचं रीळ काढलं आणि कात्री शोधायला लागला.

"लग्न झालं का ताई मस्त?"

"झालं."

"हळद?"

"झाली." तिनं मंगळसूत्र गळ्यातून काढलं आणि आरशापुढच्या पावडरच्या डब्याशेजारी ठेवलं. "पट्टी नको आज."

पंडितचा हात थांबला. "म्हंजे? दंडाले नाही बांधायचं?"

"नाही."

"आणि मानेवरचं?" त्यानं कुंकवाची डबी पुढे केली. सुमननं ती घेतली नाही. पंडितचं तोंड उतरलं. तो खुर्चीच्या पुढे येऊन उभा राहिला. चार वर्षांत तिनं असं कधी केलं नव्हतं, आणि रावेरकडच्या माणसाला ह्याचा एकच अर्थ माहीत होता. "ताई, खरं सांगा. साहेब... साहेब बरे आहेत ना?"

"ठणठणीत आहेत," सुमन म्हणाली. "परवाच तर टाळ्या वाजवत होते."

पंडितला काही कळलं नाही. त्यानं ओला कापूस घेतला, तिच्या कपाळापर्यंत नेला, पण त्याचं बोट पुढे जाईना. जोशीकाकूंचं अडखळलं होतं तसंच, पण उलट कारणानं. "नाही होत ताई माझ्या हातानं. आधी मानेवर लावा, मंग पुसतो."

"आण इकडे," सुमन म्हणाली. तिनं कापूस त्याच्या हातातून घेतला, आरशात बघून कपाळ स्वतःच पुसलं, दोनदा, नीट, डाग राहू नये असं. मग कापूस टोपलीत टाकला, पदर डोक्यावरून घेतला आणि मौसीच्या शॉटला निघून गेली.